रा. चिं. ढेरे यांचे चरित्र सांगताना मराठवाडा कुठे येतो?

नरसीकर (प्रश्न)

आमच्या तालुक्याच्या सार्वजनिक ग्रंथालयाने आषाढीच्या आधी एक व्याख्यान ठेवले आहे. संतसाहित्याच्या एखाद्या अभ्यासकाचे आयुष्य सर्वसाधारण श्रोत्यांना समजेल अशा रीतीने सांगावे, अशी ग्रंथपालांची इच्छा आहे. मी हिंगोली जिल्ह्यातील एका महाविद्यालयात मराठी शिकवतो आणि या निमित्ताने डॉ. रामचंद्र चिंतामण ढेरे यांची निवड केली आहे.

टिपणे काढायला बसलो तेव्हा अडचण लक्षात आली. २१ जुलै १९३० रोजी मावळातील निगडे या खेड्यात जन्म, लहानपणीच आईवडिलांचे छत्र हरपणे, आजीच्या आधाराने पुण्याला येणे, दिवसा काम करून रात्रशाळेत शिकणे, पुढे ग्रंथांमागून ग्रंथ, १९८७ चा साहित्य अकादमी पुरस्कार आणि १ जुलै २०१६ रोजी पुण्यात निधन, या क्रमाने सांगत गेलो की पूर्वार्ध हालअपेष्टांची कहाणी होतो आणि उत्तरार्ध पुस्तकांची यादी होतो. मधला माणूस, म्हणजे जो अभ्यास करत होता तो, त्यात दिसतच नाही.

दुसरी शंका अशी की ढेरे पुण्याचे. आमच्या श्रोत्यांमध्ये माळकरी मंडळी, निवृत्त शिक्षक आणि एम.ए.ची मुले असतील. ‘या विद्वानाचा आपल्या भागाशी काय संबंध?’ असे कोणी विचारले, तर तुळजाभवानीवरील त्यांच्या ग्रंथापलीकडे चटकन काही सांगता येईल असे मला वाटत नाही. तिसरी गोष्ट जरा नाजूक आहे. विठ्ठलाविषयीचे त्यांचे निष्कर्ष वारकऱ्यांपुढे कोणत्या भाषेत मांडावेत? जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

जुनी पोथी

नरसीकर सर, आपण हिंगोलीचे आहात आणि तरीही मराठवाड्याचा धागा सापडत नाही म्हणता, याचे मला आश्चर्य वाटले. आपल्या गावापासून औंढा नागनाथ किती दूर आहे? ढेरे यांच्या संशोधनातील एक अत्यंत महत्त्वाचे प्रकरण त्या देवळाच्या कथेशी जोडलेले आहे आणि माझ्या मते आपले व्याख्यान तेथूनच सुरू व्हावे.

कथा आपल्या प्रत्येक श्रोत्याला ठाऊक आहे. तेरला गोरोबाकाकांनी थापटण्याने संतांची डोकी तपासली, नामदेवांचे मडके कच्चे निघाले, म्हणून ते गुरूच्या शोधात निघाले आणि शिवाच्या पिंडीवर पाय ठेवून निजलेला विसोबा खेचर त्यांना भेटला. ‘जिथे देव नाही तिथे माझे पाय ठेव’ हे विसोबांचे उत्तर कीर्तनकार शेकडो वर्षे सांगत आले आहेत. मात्र हा विसोबा कोण होता, कोणत्या परंपरेतून आला होता आणि विठ्ठलभक्त नामदेवाला शिवाच्या देवळातच गुरू का भेटावा, हे प्रश्न कथेने सोडवलेले नाहीत. कथेला त्याची गरजही नसते.

ढेरे यांनी विसोबा खेचराच्या नावावरील ‘षट्स्थल’ ही रचना हस्तलिखितातून उजेडात आणली. षट्स्थल हा वीरशैव या शिवभक्त पंथाचा सिद्धांत आहे. भक्त, महेश, प्रसादी, प्राणलिंगी, शरण आणि ऐक्य अशा सहा पायऱ्यांनी जीव शिवाशी एकरूप होतो, असे तो सांगतो. बसवेश्वरांच्या, कर्नाटकातील कल्याणशी ज्याचे नाते आहे, असा हा विचार मराठीत मांडणारा माणूस नामदेवांचा गुरू असेल, तर वारकरी संप्रदायाच्या उगमापाशी नाथ आणि वीरशैव हे दोन्ही प्रवाह येऊन मिळाले होते, असे मानावे लागते. आपल्याकडे नांदेड, लातूर, धाराशिव या पट्ट्यात मराठी आणि कानडी शेकडो वर्षे एकाच अंगणात नांदल्या आहेत. कपिलधारला मन्मथस्वामींची समाधी आहे आणि त्यांचा ‘परमरहस्य’ हा ग्रंथ आजही घरोघरी वाचला जातो. त्यामुळे पुण्यातल्या वाचकाला जे नवल वाटले असेल, ते आपल्या श्रोत्यांना ओळखीचे वाटेल. मराठी वीरशैव वाङ्मयाला वाङ्मयेतिहासात फार काळ कोपऱ्यातली जागा मिळाली, हेही यानिमित्ताने सांगून टाकावे.

आता चरित्राकडे येतो. याच षट्स्थलाच्या अध्ययनावर ढेरे यांना पुढे पीएच.डी. मिळाली, डी.लिट. मिळाली ती ‘लज्जागौरी’साठी. पण औपचारिक पदव्या हाती येण्यापूर्वीच त्यांचे ‘दत्त संप्रदायाचा इतिहास’, ‘नाथ संप्रदायाचा इतिहास’ आणि ‘खंडोबा’ हे ग्रंथ वाचकांपुढे आलेले होते. आपण ज्याला हालअपेष्टांची कहाणी म्हणता, तिचा अभ्यासाशी खरा संबंध येथे आहे. ज्याला विद्यापीठाच्या चौकटीत रीतसर शिरायला उशीर झाला, त्याने विषयही चौकटीबाहेरचे निवडले. वाघ्या-मुरळी, गोंधळी, पोतराज, धनगरांच्या ओव्या, गावदेवतांचे तांदळे (शेंदूर माखलेले अनघड दगड), स्थलमाहात्म्याच्या पोथ्या ही सामग्री त्या काळी मराठीच्या अभ्यासक्रमात सहसा शिरत नसे. मावळातल्या खेड्यात आजीजवळ वाढलेल्या मुलाने हे सारे पुस्तकात भेटण्याआधी अंगणात पाहिले असणार, असा माझा तर्क आहे. पुढे त्याला संस्कृत पुराणांची, शिलालेखांची आणि कानडी-तेलुगू आधारांची जोड मिळाली. म्हणून माझी सूचना अशी की गरिबी दोन वाक्यांत सांगावी आणि या निवडीवर वेळ खर्च करावा. अनाथपणाचे वर्णन ऐकून श्रोते हळहळतील, पण त्यांना ढेरे कळणार नाहीत.

दत्त संप्रदायाच्या इतिहासातही आपला प्रदेश ठायी ठायी आहे. देवगिरीच्या किल्ल्यावरचे जनार्दनस्वामी, पैठणचे एकनाथ आणि आमच्या अंबाजोगाईचे दासोपंत ही दत्तोपासनेची मोठी घराणी मराठवाड्यातलीच. दासोपंतांची पासोडी, म्हणजे कापडावर लिहिलेले पंचीकरण, ज्याने पाहिली आहे त्याला हस्तलिखित म्हणजे काय हे निराळे समजावून सांगावे लागत नाही. ढेरे ज्या ‘मुसलमान मराठी संतकवी’ या विषयाकडे वळले, त्याचेही एक टोक देवगिरीच्या पायथ्याशी आहे. चांद बोधले हे जनार्दनस्वामींचे आणि ‘योगसंग्राम’ लिहिणाऱ्या शेख महंमदांचेही गुरू, अशी परंपरा आहे. ती मान्य केली, तर एकनाथ आणि शेख महंमद एकाच वृक्षाच्या दोन फांद्या ठरतात. हे वाक्य आपल्या श्रोत्यांपुढे सावकाश म्हणावे आणि थोडे थांबावे.

बालाघाट

जुनी पोथी यांच्या विवेचनात तेरचा उल्लेख थापटण्यापुरता आला, म्हणून थोडी भर घालतो. मी धाराशिव जिल्ह्यातला आहे.

तेर म्हणजे प्राचीन तगर. सातवाहन काळात रोमशी व्यापार करणारे हे नगर आज गोरोबाकाकांच्या समाधीमुळे ओळखले जाते. तेथील रामलिंगप्पा लामतुरे यांनी नांगरटीत आणि पावसाने उघड्या पडलेल्या पांढरीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीत, सापडणाऱ्या वस्तू आयुष्यभर जमवल्या आणि त्यांच्या संग्रहातून आजचे शासकीय वस्तुसंग्रहालय उभे राहिले. त्या संग्रहात लज्जागौरीच्या छोट्या मूर्ती आहेत. मस्तकाच्या जागी कमळ किंवा काहीच नसलेली, प्रसवाच्या स्थितीतील ही देवी पाहून शाळेच्या सहलीतली मुले गोंधळतात आणि शिक्षक त्यांना पुढच्या कपाटाकडे नेतात.

ढेरे पुढच्या कपाटाकडे गेले नाहीत. १९७८ च्या ‘लज्जागौरी’ या ग्रंथात त्यांनी ही देवी, यल्लम्मा, मातंगी आणि रेणुका यांच्यातील संबंध उलगडला. माहूरच्या गडावर रेणुकेचे मुखच पूजले जाते, हे आपल्यापैकी प्रत्येकाने पाहिलेले आहे, पण परशुरामाने मातेचा शिरच्छेद केल्याची कथा आणि मस्तकाविना दिसणारी देवी यांना एकत्र ठेवून विचार करावा, असे आपल्याला सुचत नाही. हा ग्रंथ संतसाहित्याचा नव्हे, असे कोणी म्हणेल. तथापि माझ्या मते संतसाहित्याकडे ढेरे ज्या नजरेने पाहत होते, ती नजर येथे घडली. एकनाथांच्या भारुडातला जोगवा आणि आराध्यांच्या गळ्यातली कवड्यांची माळ या दोन्ही गोष्टी त्यांच्या दृष्टीने एकाच अभ्यासाचे भाग होते. तुळजाभवानीवर लिहितानाही त्यांनी पुराणातील माहात्म्याइतकेच गोंधळ्यांच्या आणि आराध्यांच्या परंपरेला प्रमाण मानले.

आपल्या एम.ए.च्या मुलांना हा भाग अवश्य सांगावा. नवरात्रात तुळजापूरच्या रस्त्याने पायी जाणाऱ्या बायका जी गाणी म्हणतात, ती या मुलांच्याच आयाआज्यांची आहेत आणि मुले मात्र प्रबंधासाठी विषय मिळत नाही म्हणून तक्रार करत असतात.

गोदाकाठ

वरील दोन्ही प्रतिसाद वाचून आनंद झाला, परंतु मी थोडा वेगळा सूर लावतो, कारण व्याख्यान गौरवाचे व्हावे की परिचयाचे, हे आधी ठरवले पाहिजे.

नरसीकर यांचा तिसरा प्रश्न कोणी घेतला नाही. १९८४ मध्ये ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ प्रसिद्ध झाले आणि याच ग्रंथाला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ॲन फेल्डहाउस यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद २०११ मध्ये आला. ग्रंथाचे प्रतिपादन थोडक्यात असे की विठ्ठल हा मुळात गवळी-धनगरांचा देव होता आणि त्याचे वैष्णवीकरण होत होत तो कृष्णरूप झाला. त्यासाठी ढेरे यांनी धनगरांचे विठ्ठल-बीरप्पा हे जोडदैवत, दिंडीरवनाची कथा, रुसलेल्या रुक्मिणीची कथा, पंढरपूरचे यादवकालीन लेख आणि तिरुपतीच्या व्यंकटेशाशी असलेले साम्य अशी चौफेर सामग्री एकत्र आणली. येथपर्यंत वारकऱ्यांना फारसे खटकण्यासारखे काही नाही. देव गुराख्यांचा होता, हे ऐकून माळकरी रागावत नाही. त्याच्या काल्याच्या कीर्तनात देव दुसरे काय करत असतो?

वाद झाला तो माढ्याच्या मूर्तीवरून. स्कंदपुराणाच्या म्हणून समजल्या जाणाऱ्या पांडुरंगमाहात्म्यात विठ्ठलमूर्तीच्या वक्षःस्थळावर मंत्र कोरलेला असल्याचे वर्णन आहे. पंढरपूरच्या मूर्तीवर तो दिसत नाही आणि सोलापूर जिल्ह्यातील माढे येथील मूर्तीवर अशी अक्षरे आहेत. अफजलखानाच्या स्वारीच्या वेळी मूर्ती माढ्यास हलवली होती, या परंपरेशी हे जोडून मूळ मूर्ती माढ्याचीच असावी, असे ढेरे यांनी मांडले. येथे मी अभ्यासक म्हणून थोडा मागे थांबतो. माहात्म्यातील वर्णन पाहून एखादी मूर्ती नंतर घडवली जाणेही शक्य असते. वर्णन आधीचे की मूर्ती आधीची, हा प्रश्न केवळ दोहोंच्या जुळण्याने सुटत नाही. ढेरे यांची समन्वयाची ओढ इतकी जबरदस्त होती की दूरदूरचे धागे त्यांच्या हातात सहज जुळत आणि वाचक त्या ओघात वाहून जाई. हे त्यांचे बळ होते आणि काही ठिकाणी तीच त्यांची मर्यादाही होती, असे मला वाटते. व्याख्यानात हे म्हटल्याने त्यांचा अनादर होणार नाही.

श्रद्धावंतांच्या नाराजीबद्दल इतकेच सांगतो की ती एकट्या ढेरे यांच्या वाट्याला आलेली नाही. वि. भि. कोलते यांनी संपादित केलेले ‘लीळाचरित्र’ १९७८ मध्ये आले, तेव्हा महानुभाव पंथीयांचा तीव्र विरोध त्यांनाही सोसावा लागला. संप्रदायासाठी जो ग्रंथ पूजेचा आहे, तोच अभ्यासकासाठी पाठभेदांचा असतो. त्यामुळे हा ताण कायम राहणार आणि वक्त्याने तो झाकू नये.

जुनी पोथी

गोदाकाठ यांचा माढ्याविषयीचा आक्षेप मला मान्य आहे आणि तो पूर्वीही घेतला गेला आहे. फक्त ‘मागे थांबतो’ म्हणताना एक गोष्ट विसरू नये. ढेरे यांनी मूळ मूर्तीचा प्रश्न उपस्थित केला, म्हणून निदान माहात्म्याची पोथी, मूर्तीचे वर्णन आणि पंढरपूरचे लेख शेजारी शेजारी ठेवून वाचले गेले. निष्कर्ष डळमळीत ठरला, तरी पुरावे एकत्र आल्याचा लाभ नंतरच्या प्रत्येक अभ्यासकाला झाला आहे. उलट उदाहरण आमच्या जिल्ह्यातलेच देतो. वि. का. राजवाडे यांना ज्ञानेश्वरीची जुनी प्रत बीडच्या पाटांगणात मिळाली, १९०९ मध्ये त्यांनी ती छापली, पण मूळ हस्तलिखित आज उपलब्ध नाही. त्यामुळे तिच्या प्राचीनतेविषयी राजवाड्यांचे म्हणणे तपासून पाहण्याचा मार्गच बंद झाला. माढ्याची मूर्ती जागेवर आहे, माहात्म्याच्या पोथ्याही आहेत, ज्याला ढेरे यांना खोडून काढायचे असेल त्याने खुशाल काढावे.

पैठणी दरवाजा

एक छोटी सूचना. मराठवाड्याचा संबंध सांगताना आपल्याकडील अभ्यासकांची नावेही यावीत, एवढीच इच्छा आहे. ढेरे यांचे समवयस्क डॉ. यू. म. पठाण यांनी मराठवाडा विद्यापीठात मराठीचे विभागप्रमुख म्हणून अनेक वर्षे काम केले, संतसाहित्य आणि महानुभाव वाङ्मय हे त्यांचे आयुष्याचे विषय झाले आणि १९९० मध्ये पुण्यात भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. एक मावळचा आणि विद्यापीठाच्या बाहेर राहून लिहिणारा, दुसरा करमाळ्याचा आणि विद्यापीठात राहून पिढ्या घडवणारा. एकाने मुसलमान संतकवींवर लिहिले, दुसरा स्वतः मुसलमान घरातून येऊन चक्रधरांच्या लीळांमध्ये रमला. दोघांची चरित्रे शेजारी ठेवली, तर संतसाहित्याचा अभ्यास कोणाचा, हा प्रश्न श्रोत्यांपुढे आपोआप उभा राहील.

नरसीकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. मांडणी आता पुष्कळ स्पष्ट झाली आहे. औंढ्यापासून आरंभ करून षट्स्थलावर बराच वेळ द्यावा, तेथून देवगिरी आणि तेरकडे वळावे आणि विठ्ठलाचा भाग उत्तरार्धात, गोदाकाठ यांनी सांगितलेल्या आक्षेपासह घ्यावा, असे ठरवले आहे. डॉ. पठाण यांच्यासाठी मात्र वेगळे व्याख्यान मागून घेईन. त्यांना शेवटच्या काही मिनिटांत उरकणे मला योग्य वाटत नाही.

एक व्यावहारिक प्रश्न राहिला आहे. या निमित्ताने ग्रंथालय ढेरे यांची काही पुस्तके घेणार आहे, पण निधी मर्यादित आहे. पहिल्या खरेदीत कोणती घ्यावीत?

बालाघाट

‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ सर्वांच्या आधी घेण्याचा मोह होईल, पण सार्वजनिक ग्रंथालयात ते पुस्तक बहुधा कपाटाची शोभा होऊन राहते, कारण तळटीपा आणि संस्कृत अवतरणे यांची सवय नसलेला वाचक पहिल्या काही प्रकरणांतच थकतो. आधी ‘खंडोबा’ आणि ‘मुसलमान मराठी संतकवी’ घ्यावीत. मल्हारीची जत्रा आणि दर्ग्याचा उरूस आपल्या वाचकाने पाहिलेला असतो, त्यामुळे तो त्यांत सहज शिरतो. ‘श्रीतुळजाभवानी’ आमच्या भागातील वाचक स्वतःहून मागतील. विसोबांवरील पुस्तक बाजारात मिळणे कठीण आहे, म्हणून विद्यापीठाच्या किंवा मराठवाडा साहित्य परिषदेच्या ग्रंथसंग्रहात चौकशी करावी आणि व्याख्यानापुरती प्रत संस्थेच्या पत्रावर मागवावी. ‘श्रीविठ्ठल’ पुढच्या वर्षीच्या अनुदानातून घेता येईल, तोपर्यंत ते मागणारा वाचकही आपल्या व्याख्यानाने तयार झालेला असेल.